सावित्री: नावाचा अर्थ काय, आलं कुठून आणि आजच्या मुलीला शोभेल का

तुमचा प्रश्न वाचला, आणि आधी मुलगी झाल्याबद्दल अभिनंदन! आजेसासूबाईंचं नाव सावित्री होतं म्हणून लेकीचं तेच ठेवायचं तुमच्या मनात आहे, नणंद म्हणते फार जुनाट वाटतं, मैत्रीण म्हणते "सात जन्म हाच नवरा"वालं नाव कशाला पोरीच्या गळ्यात बांधतेस, आणि गुगलवर बघितलं तर एका ठिकाणी सूर्यकिरण, दुसरीकडे नदी, तिसरीकडे नुसतं "देवीचं नाव". तर खरा अर्थ काय, मूळ काय आणि ठेवावं का, असं विचारलंत.

मी संस्कृतची शिक्षिका. एकतीस वर्षं शाळेत शिकवलं, आता रिटायर झाले तरी बारशाच्या आधी लोक नावांची लिस्ट घेऊन येतातच, मॅडम एवढं बघून द्या म्हणून. त्यातली निम्मी नावं कुठल्याच कोशात सापडत नाहीत आणि उरलेल्यांचा अर्थ आईवडिलांनी धरलेला असतो त्यापेक्षा भलताच निघतो, मग त्यांचे पडलेले चेहरे बघायची वेळ माझ्यावर. तुमच्या नावाचं तसं होणार नाही. ज्यांची फोड अगदी स्वच्छ करून दाखवता येते अशा थोड्या नावांत सावित्री येतं. फक्त जरा लांबेल, चहा घेऊन बसा.

सुरुवात सवितृ या शब्दापासून. दा धातूपासून दातृ म्हणजे आपला दाता, नी पासून नेता, कृ पासून कर्ता, तसंच सू धातूपासून सवितृ, आणि त्याचं प्रथमेचं रूप सविता. आता सू म्हणजे काय, तर धातुपाठात "षू प्रेरणे" असं दिलंय, म्हणजे हलवणं, ढकलणं, कामाला लावणं. दुसरा एक सू आहे तो जन्म देण्याचा, ज्याच्यातून आपले प्रसव, प्रसूती हे शब्द आले. हे दोन सू उच्चाराला इतके सारखे की अर्थही एकमेकांत मिसळले आणि वेदातल्या शब्दांची फोड सांगणाऱ्या यास्काने आपल्या निरुक्त या ग्रंथात "सविता सर्वस्य प्रसविता" असं सांगून दोघांना एकाच वाक्यात बसवलं. म्हणजे सविता कोण, तर जो सगळ्यांना चालना देतो, जो सगळं उत्पन्न करतो.

ऋग्वेदात हा सविता सूर्याशी जोडलेला देव आहे, पण नुसता आकाशातला गोळा नव्हे. पहाटे हात वर करून माणसं, गुरं, पाखरं सगळ्यांना उठवतो आणि संध्याकाळी त्यांना पुन्हा ज्याच्या त्याच्या ठिकाणी निजवतो तो. त्याचे हात सोन्याचे, रथ सोन्याचा. ग्रहशांतीला गुरुजी सूर्यासाठी "आ कृष्णेन रजसा" म्हणतात ना, तो मंत्र याच सवित्याचा, त्यात त्याचा सोन्याचा रथ आहे.

(आता एक गंमत, जगातल्या सगळ्या सवितांची माफी मागून सांगते. सविता हा शब्द संस्कृतात पुल्लिंगी आहे, पिता, दाता, नेता तसाच. शेवटी आ दिसला की आपण मुलीचं नाव करून टाकतो. स्त्रीलिंग करायचं तर सवित्री होतं, त्याचा अर्थ आई, आणि कालिदासाने कुमारसंभवात पार्वतीच्या जन्माच्या वेळी तिच्या आईला हाच शब्द वापरलाय, लेकीच्या तेजाने सवित्री शोभून दिसली अशा अर्थाने. बाळंतिणीला सांगण्यासारखी गोष्ट आहे म्हणून सांगितली, बाकी तुमच्या नावाशी तिचा थेट संबंध नाही. ते नाव सवित्री नाही, सावित्री आहे, पहिला सा काना देऊन.)

तो काना महत्त्वाचा. संस्कृतात "अमक्याचं, अमक्याशी नातं असलेलं" असं सांगायचं असलं की पहिल्या अक्षराचा स्वर वाढवतात. पर्वताची ती पार्वती, जनकाची ती जानकी, द्रुपदाची द्रौपदी, विदेहाची वैदेही. तसंच सवित्याचं ते सावित्र आणि सवित्याची ती सावित्री. झालं, एवढाच शब्दार्थ. सूर्यकिरण वगैरे कुणीतरी अंदाजे लावलेलं आहे, पूर्ण चूक म्हणत नाही पण ते भाषांतर नव्हे.

मग ही सवित्याची कोण? तर इथे तीन जणी आहेत आणि लोकांना फक्त तिसरी माहीत असते.

पहिली सूर्या. ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलातलं ८५ वं सूक्त म्हणजे सवित्याच्या मुलीचं सोमाशी झालेलं लग्न. तिचं नाव सूर्या, आणि बापाच्या नावावरून सावित्री. परंपरेने त्या सूक्ताची ऋषीसुद्धा तीच, सूर्या सावित्री. तुमच्या लग्नात नवऱ्याने हात धरला तेव्हा गुरुजींनी "गृभ्णामि ते सौभगत्वाय हस्तम्" म्हटलं असेल, तो मंत्र तिथलाच. म्हणजे हे नाव तुमच्या लग्नात आधीच येऊन गेलंय, फक्त कुणी सांगितलं नसणार.

दुसरी सावित्री बाई नाहीच, ती ऋचा आहे. आपण ज्याला गायत्री मंत्र म्हणतो त्याचं नाव खरं म्हणजे सावित्री. गायत्री हे छंदाचं नाव, आठ आठ अक्षरांचे तीन चरण, एकूण २४. गायत्री छंदातल्या ऋचा वेदात ढिगाने आहेत, ही त्यातली एक, तिसऱ्या मंडलातल्या ६२ व्या सूक्तातली दहावी, ऋषी विश्वामित्र, देवता सविता, म्हणून सावित्री. आठवीच्या वर्गात मी मुलांना बोटांवर अक्षरं मोजायला लावायचे. तत्, स, वि, तुर्, व, रे, ण्यम्, आणि मुलं ओरडायची, बाई सातच भरतात! मग त्यांना सांगायचं की ते वरेणियम् असं सोडवून म्हटलं की आठ होतात, आणि तसं नाही म्हटलं तर एक अक्षर कमी पडलेल्या गायत्रीला निचृद् असं वेगळं नाव आहे. ही मोजामोज मुलांना फार आवडायची, पाठांतरापेक्षा कितीतरी जास्त.

आणि मागणं काय आहे या ऋचेत? धनधान्य नाही, आयुष्य नाही, नवरा तर नाहीच नाही. "धियो यो नः प्रचोदयात्", आमच्या बुद्धीला त्याने चालना द्यावी. सवितृ मधला सू आणि प्रचोदयात् मधला चुद्, दोन्ही ढकलण्याचेच धातू. म्हणजे ज्या ओळीवरून हे नाव पडलं ती ओळ डोकं चालावं म्हणून केलेली प्रार्थना आहे. तुमच्या मैत्रिणीला एवढं सांगितलंत तरी पुरे.

पण आता कडू भाग पण सांगते, नाहीतर अर्धवट होईल. ही सावित्री ऋचा मुंजीत देतात. मनुस्मृतीत वयाची मर्यादा आहे, ब्राह्मणाला १६, क्षत्रियाला २२, वैश्याला २४, तोपर्यंत सावित्री मिळाली नाही तर तो "सावित्रीपतित", व्रात्य, समाजाबाहेर. शूद्राला ती नाहीच. आणि बायकांना काय, तर लग्न हाच त्यांचा वैदिक संस्कार, नवऱ्याची सेवा हाच गुरुगृही वास, चूल हेच अग्निहोत्र. म्हणजे बघा, मुलीचं नाव सावित्री ठेवायला हरकत नाही पण त्या मुलीने सावित्री म्हणायची नाही. मी हे वर्गात शिकवायचे तेव्हा मागच्या बाकावरची एखादी पोरगी हमखास विचारायची, मग बाई तुम्ही कशा म्हणता. म्हटलं मी पगार घेते त्याचा, तू फुकट म्हण.

माझं माहेर महाडचं. आमच्याकडे सावित्री म्हणजे आधी नदी, मग बाकी सगळं. क्षेत्र महाबळेश्वरच्या पंचगंगेच्या देवळात कृष्णा, वेण्णा, कोयना, गायत्री आणि सावित्री अशा पाच नद्यांचं पाणी एकत्र येऊन गोमुखातून पडतं. कृष्णा, वेण्णा, कोयना घाटमाथ्यावरून पूर्वेला देशावर जातात आणि सावित्री पश्चिमेला कोकणात उडी घेते, पोलादपूर, महाड करत बाणकोटच्या खाडीतून समुद्राला मिळते. आमची आजी त्याची गोष्ट सांगायची, ब्रह्मदेवाने यज्ञ मांडला, सावित्री यायला उशीर झाला म्हणून गायत्रीला शेजारी बसवून सुरू पण केला, सावित्री आली ती बघून भडकली, सगळ्या देवांना पाणी व्हा असा शाप दिला आणि स्वतः पाठ फिरवून उलट्या दिशेला निघून गेली. पुष्करलाही हीच भांडणाची कथा आहे, तिथे ब्रह्मदेवाचं देऊळ खाली आणि सावित्रीचं वेगळं, डोंगरावर. रुसून बसलेली. मला ही सावित्री फार आवडते, उशीर झाला म्हणून जागा दुसरीला दिली तर ऐकून घेणारी नाही.

पावसाळ्यात नदी चढली की आमच्याकडे "सावित्री आली" असंच म्हणायचे, कुणीतरी पाहुणी आल्यासारखं, आणि धान्याचे डबे माळ्यावर जायचे. २०१६ च्या २ ऑगस्टच्या रात्री याच नदीवरचा इंग्रजांच्या काळातला पूल वाहून गेला, दोन एसटी बसेस आणि आतली माणसं गेली, तेव्हापासून कित्येकांच्या डोक्यात सावित्री म्हटलं की तो पूल येतो. तुमच्या सासरचं कुणी त्या बाजूचं असेल तर त्यांना हे आठवेल, त्यावरून दचकू नका. आणि याच महाडात २५ डिसेंबर १९२७ ला बाबासाहेबांच्या उपस्थितीत मनुस्मृती जाळली. ज्या पुस्तकात सावित्री कुणाला द्यायची आणि कुणाला नाही याचा हिशोब लिहिलाय ते पुस्तक सावित्रीच्याच गावात जळलं. हे कुणी ठरवून केलं नव्हतं, पण मला दरवेळी सांगावंसं वाटतं.

आता तिसरी, जिच्यामुळे तुमची मैत्रीण नाक मुरडते ती. सत्यवानाची सावित्री.

आपण ही गोष्ट वटपौर्णिमेच्या पोथीतून आणि कॅलेंडरवरच्या चित्रातून ऐकलेली असते, वडाखाली मेलेला नवरा, रेड्यावर बसलेला यम आणि हात जोडून रडणारी बाई. महाभारतात वनपर्वात आहे ती मूळ गोष्ट एकदा वाचा, कुठल्याही चांगल्या मराठी भाषांतरात मिळेल, सात अध्यायांची आहे. द्रौपदीला जयद्रथाने पळवलं, पांडवांनी सोडवून आणलं, त्यानंतर युधिष्ठिर मार्कंडेय ऋषींना विचारतो की हिच्यासारखी बाई आधी कुणी झाली का, आणि उत्तरात ही गोष्ट येते.

मद्र देशाचा राजा अश्वपती. मद्र म्हणजे सियालकोटच्या आसपासचा पंजाब, आता पाकिस्तानात. त्याला मूल नव्हतं, म्हणून अठरा वर्षं रोज सावित्री ऋचेने आहुत्या दिल्या. शेवटी अग्नीतून सावित्री देवी प्रकट झाली, काय पाहिजे म्हणाली, हा म्हणाला पुष्कळ मुलगे. देवी म्हणाली, तुला तेजस्वी मुलगी होईल, आणि यावर तू काहीही उलट बोलायचं नाहीस. "उत्तरं च न ते किंचित्". आमच्याकडे दुसरी मुलगी झाली तेव्हा बघायला आलेल्या एका नातेवाईक बाईंनी "असू दे, लक्ष्मी आहे" असं त्या ठराविक पडेल आवाजात म्हटलं होतं, तेव्हा मला ही ओळ आठवली होती, म्हटली मात्र नाही.

आणि मग त्या मुलीच्या बारशाचा श्लोक आहे. सावित्रीने प्रसन्न होऊन दिली आणि सावित्री म्हणून केलेल्या आहुत्यांनी मिळाली, म्हणून ब्राह्मणांनी आणि बापाने तिचं नाव सावित्रीच ठेवलं. म्हणजे देवी, मंत्र आणि मुलगी तिन्ही एकाच नावात. एवढ्या जुन्या ग्रंथात नाव का ठेवलं हे इतकं सरळ लिहिलेलं फार कमी नावांच्या नशिबात आहे.

मुलगी मोठी झाली, पण तिचं तेज बघून कुणी मागणीच घालेना. बाप म्हणाला, तूच जा आणि तुझा तू शोध. ती रथात बसून म्हाताऱ्या मंत्र्यांना बरोबर घेऊन फिरून आली आणि सांगितलं, शाल्व देशाचा राजा द्युमत्सेन आंधळा झालाय, राज्य गेलंय, रानात राहतो, त्याचा मुलगा सत्यवान, तो मी निवडला. (या सत्यवानाला लहानपणी मातीचे घोडे करायचा आणि घोड्यांची चित्रं काढायचा नाद होता, म्हणून त्याचं दुसरं नाव चित्राश्व. हे कुणी सांगत नाही, पण मला तो त्यामुळे एकदम खराखुरा मुलगा वाटायला लागला.) नारद म्हणाले बाकी सगळं उत्तम, पण आजपासून बरोबर वर्षाने मरणार. बाप म्हणाला दुसरा बघ. ती म्हणाली निवड एकदाच करतात, केली.

मग वर्षभर ती एकटी दिवस मोजते, नवऱ्याला नाही, सासूसासऱ्यांनाही नाही, कुणालाच बोलत नाही. शेवटचे तीन दिवस उपास करून उभी राहते. त्या दिवशी त्याच्याबरोबर रानात जाते, तो लाकडं फोडता फोडता डोकं दुखतंय म्हणतो, तिच्या मांडीवर डोकं ठेवून आडवा होतो आणि यम येतो.

यापुढचा संवाद ज्यांनी "रडून नवरा परत मागितला" असा समज करून घेतलाय त्यांनी मुद्दाम वाचावा. ती रडत नाही. ती यमाच्या मागे चालते आणि बोलते. यम म्हणतो परत जा. ती म्हणते सात पावलं बरोबर चाललं की मैत्री होते असं शहाणे सांगतात, तर मित्र म्हणून ऐका. धर्म म्हणजे काय, सज्जनांची संगत कशी असते, यावर एकेक मुद्दा मांडत जाते, आणि यम खूश होऊन काय म्हणतो माहितीये? "तुष्टोऽस्मि तवानया गिरा स्वराक्षरव्यञ्जनहेतुयुक्तया". म्हणजे स्वर, अक्षरं, व्यंजनं नीट उच्चारलेलं आणि कारणांसकट मांडलेलं तुझं बोलणं मला आवडलं. अहो, यम उच्चाराला आणि युक्तिवादाला मार्क देतोय! एकतीस वर्षं पोरांच्या ष आणि श ला कंटाळलेल्या माझ्यासारख्या बाईला याहून मोठं काय पाहिजे.

मग वर. प्रत्येक वेळी यम म्हणतो याचा जीव सोडून काहीही माग. ती सासऱ्याचे डोळे मागते, मग राज्य, मग आपल्या वडिलांना शंभर मुलगे, चौथ्यांदा सत्यवानापासून आपल्याला शंभर मुलगे, आणि यम देऊन मोकळा होतो. पाचव्या वेळी तो "जीव सोडून" म्हणायला विसरतो आणि ती तिथेच पकडते, की या वराला आधीसारखी अट नाहीये, आणि शंभर मुलगे दिलेत पण नवरा घेऊन चाललात, तर तुमचाच शब्द खरा करायला सत्यवान जगू दे. कोर्टात चांगला वकील जसा समोरच्याच्याच कागदावर बोट ठेवतो तसं.

त्यानंतरचं मला त्याहून आवडतं. तो झोपेतून उठल्यासारखा उठतो, अंधार पडलाय, आईबाप काळजी करत असतील म्हणून त्याला रडू येतं. ती फळांची टोपली झाडाच्या फांदीला अडकवते, उद्या ने म्हणते, कुऱ्हाड स्वतः घेते, त्याचा हात आपल्या डाव्या खांद्यावर टाकते, उजव्या हाताने त्याला धरते आणि चालायला लागते. वाटेत पळसाच्या झाडीपाशी रस्ता फुटतो, तिथून उत्तरेला वळायचं असं तो सांगतो. झाड सांगायचंच तर गोष्टीत हा पळस आहे. वड मागाहून व्रतकथेत आला. सात जन्म तर ती कुठेच मागत नाही.

मग वटपौर्णिमा खोटी का, असं मी म्हणत नाही. व्रत वेगळं आणि नावाचा अर्थ वेगळा, एवढंच. आपल्याकडे ते ज्येष्ठ पौर्णिमेला, बिहार-उत्तरप्रदेशात आणि ओडिशात अमावास्येला, तमिळ बायका मार्चच्या मध्यावर सूर्य मीनेत जाताना कारडैयान नोन्बु करतात तेही हिच्याच नावाने आणि तिथे तांदळाची कारडै आणि लोणी नैवेद्याला. म्हणजे एकाच बाईचं व्रत, झाड, तिथी आणि खाणं मात्र गावागणिक वेगळं. या व्रतानेच हे नाव घरोघरी, सगळ्या जातीत पोचलं हेही खरं. वेदातली ऋचा ज्यांच्या कानावर पडू दिली नव्हती त्यांच्या घरात वडाच्या गोष्टीतून सावित्री आली.

अशाच एका घरात, सातारा जिल्ह्यातल्या नायगावला खंडोजी नेवसे पाटलांकडे, ३ जानेवारी १८३१ ला मुलगी झाली आणि तिचं नाव सावित्री ठेवलं. पुढचं तुम्हाला माहितीये म्हणून पाल्हाळ लावत नाही, १८४८ ला पुण्यात भिडेवाड्यात मुलींची शाळा, १८५४ ला "काव्यफुले", १८९० ला जोतिरावांच्या अंत्ययात्रेत टिटवं, म्हणजे तिरडीपुढे न्यायचं मडकं, स्वतः हातात धरलं, आणि १८९७ च्या प्लेगमध्ये आजारी पोराला पाठीवर घेऊन दवाखान्यात पोचवताना स्वतःला लागण होऊन १० मार्चला गेल्या. पण नावाच्या बाजूने बघा. "आमच्या बुद्धीला चालना दे" या ओळीचं नाव, ज्यांना ती ओळ म्हणायला बंदी होती त्यांच्यातल्या एका मुलीला मिळालं आणि तिने त्या नावाचा धात्वर्थ करून दाखवला. सू, प्रेरणे. मी धातू शिकवताना हेच उदाहरण द्यायचे, पाणिनीपेक्षा लवकर कळतं.

म्हणून आज महाराष्ट्रात "सावित्रीच्या लेकी" म्हटलं की कुणाला सत्यवान आठवत नाही, दप्तर घेतलेल्या मुली आठवतात. ३ जानेवारीला शाळाशाळांतून बालिका दिन होतो, २०१४ पासून पुणे विद्यापीठाच्या नावातच सावित्रीबाई आहेत. जिवंत भाषेत नावाचा अर्थ असा बदलतो, कोशात मागाहून चढतो. मैत्रिणीचा आक्षेप तीस-चाळीस वर्षं उशिरा आलाय असं माझं मत.

अजून एक सावित्री सांगते कारण ती नाव घेऊन जन्मली नव्हती, तिने ते घेतलं. १९१३ साली स्वित्झर्लंडमध्ये न्यूशातेलला जन्मलेली एव्ह, वडील हंगेरियन, आई रशियन. मराठी लष्करी अधिकारी विक्रम खानोलकरांशी १९३२ मध्ये लग्न करून ती सावित्री खानोलकर झाली, संस्कृत शिकली, पुराणं वाचली, आणि आपल्या परमवीर चक्राचं डिझाईन तिचं आहे. त्याच्यावर इंद्राची चार वज्रं आहेत, दधीची ऋषींनी हाडं दिली ती गोष्ट धरून. जगातली कुठलीही नावं घेता आली असती, तिने हे घेतलं. तुमच्या नणंदेला "जुनाट"चं उत्तर म्हणून ही एक बाई बास आहे.

देशाबाहेर पण हे नाव फिरलंय. जावामध्ये मुस्लिम घरातल्या बायकांचीही नावं सावित्री असतात, थायलंडमध्येही आहे. बंगाली, ओडिया, नेपाळी लोक साबित्री म्हणतात. परदेशात राहायचा विचार असेल तर उच्चाराला फार अडत नाही, फक्त त्र चा ट्र होईल, तो तर होणारच.

आता व्यवहाराचं. जन्माक्षर बघणार असाल तर अवकहडा चक्रात सा हे शततारकेच्या दुसऱ्या चरणाचं अक्षर, रास कुंभ. जुळलं तर आनंद, नाही जुळलं तर पाळण्यातलं नाव वेगळं ठेवा आणि दाखल्यावर सावित्री लिहा, पिढ्यान्‌पिढ्या लोक हेच करत आलेत. हाक मारायला सावू, सावी, साऊ काहीही होतं, तीन अक्षरी नावाचा हा फायदा, घरात छोटं आणि बाहेर भारदस्त. जुनाट वाटण्याबद्दल सांगायचं तर माझ्या शेवटच्या काही बॅचेसमध्ये एकेका वर्गात तीन तीन आर्या आणि दोन दोन स्वरा असायच्या, आडनावाने हाक मारावी लागायची. सावित्री म्हटल्यावर एकीनेच मान वर केली असती.

स्पेलिंग मात्र जपा. सा ला काना, वि ऱ्हस्व, त्री दीर्घ. मोबाईलवर टाईप करताना लोक त्र च्या जागी ञ टाकतात आणि साविञी होतं, दिसायला जवळपास सारखं पण ते चवर्गातलं अनुनासिक आहे, वाचायला गेलं तर भलतंच. माझ्या एका विद्यार्थिनीच्या सर्टिफिकेटवर तसंच छापून आलं होतं, दुरुस्त करून घ्यायला तिच्या वडिलांना चार हेलपाटे पडले. दाखल्याचा फॉर्म भराल तेव्हा ऑपरेटरच्या शेजारी उभं राहून स्क्रीन बघा. इंग्रजीत टी नंतर एच घालायचा की नाही हे पण आधीच ठरवा, दक्षिणेत घालतात, आपल्याकडे नाही, आणि जे ठरवाल तेच जन्मदाखला, आधार, पासपोर्ट सगळीकडे.

आणि नणंदेचं म्हणाल तर तिला दुखवून हे नाव ठेवू नका, कारण बारशाला बाळाच्या कानात कुर्र करून नाव सांगायचा मान आत्याचाच. तिला शेजारी बसवा, यमाने मार्क दिले तो भाग वाचून दाखवा, पाहिजे तर मला फोन लावून द्या, मी सांगते. एकदा तिच्या तोंडून त्या इवल्याशा कानात "सावित्री" गेलं की पुढे ते जुनाट म्हणायला तिचीच जीभ वळणार नाही.